एस्केपच्या खालची कळ

एस्केपच्या खाली, टॅबच्या वर, डाव्या कोपऱ्यात
एक कळ असते. वर लाट, खाली बारीक तिरकी रेघ.
टायपिंगच्या क्लासात तिचं नाव कुणी सांगत नाही.
उदगीरला, देगलूर रोडवर, इलियासभाईच्या कॅफेत
सहा नंबरच्या मशीनवर तेवढीच पुसून गेलेली,
बाकी अक्षरं जागच्या जागी.

ती पुसली बसलिंग बिरादारनं.
त्याचा बीदरचा मावसभाऊ उन्हाळ्यात आला
आणि जाताना भूमितीच्या वहीमागं
आज्ञा लिहून देऊन गेला, सगळ्या कानडीत.
आमच्यात कानडी वाचणारा बसलिंग एकटा.
तो वाचायचा, मी टाइप करायचो,
तासाला पंधरा रुपये, दोघांत मिळून.

कळ दाबली की वरून काळा पडदा सरकायचा.
गोळीबार थांबायचा, कुत्रा भुंकता भुंकता थिजायचा,
आणि एक बारकी उभी रेघ लुकलुकायची:
बोला.

"नोक्लिप," बसलिंग म्हणायचा.
पण कानडीतून उतरलेल्या नोक्लिपचं स्पेलिंग कुणाला ठाऊक?
के घालून पाहिलं. अशी आज्ञा नाही.
सी आणि के, दोन्ही. अशी आज्ञा नाही.
शेवटी डबल पी. नाही.
मशीन चिडत नव्हतं.
कलशेट्टी सरांनी एवढ्यात डस्टर फेकला असता,
इथं पुन्हा तीच रेघ, तशीच लुकलुकत.
तिसऱ्या दिवशी, नुसत्या सीवर,
भिंत भिंत राहिली नाही.

जिना न चढता वर गेलो. छतातून निघालो.
घरांना मागची बाजूच नव्हती.
झाडं समोरून झाडं,
कडेनं बघितली तर पतंगाच्या कागदाएवढी.
आणखी लांब गेलो तर पूल, चर्च, रणगाडा, सगळं गाव
करड्या पोकळीत टांगलेलं.
गणपतीच्या देखाव्यामागं शिरलं की
खिळे, सुतळ्या, जुने पेपर तरी दिसतात.
इथं तेही नाही.

परत येताना एका बंद खोलीत शिरलो.
चौघं सैनिक उभे होते, भिंतीकडं तोंड करून.
आम्ही दारातून आलोच नव्हतो,
म्हणून त्यांना अजून कुणी सांगितलं नव्हतं
की लढाई सुरू झाली.
"कवापासून उभे असतील रे हे?"
मी म्हटलं, मार की लेका, गॉड लावलाय,
आपल्याला काय होतंय.
बसलिंगनं माऊसवरचा हात काढला.
"त्यांला माहीतच नाही," म्हणाला, "मग कसं मारायचं?"
पंधरा रुपयांतली सात-आठ मिनिटं
आम्ही नुसते त्यांच्या बाजूला उभे.
एकानं मान खाजवली, असं मला वाटलं.
बसलिंग म्हणतो, तसं काही झालं नाही.
मग लाईट गेली.
यूपीएस केकाटायला लागला आणि अंधारातून इलियासभाई:
"पैसे घड्याळानं द्यायचे, लाईटनं नाही!"

आता त्या गाळ्यात माझं सेवा केंद्र आहे.
उत्पन्नाचा दाखला, रहिवासी, पॅनकार्डातली चूक.
बसलिंग हैदराबादला लिफ्टा दुरुस्त करतो.
मधूनच फोन करतो, आवाज विहिरीतून आल्यासारखा:
"भिंतीच्या आतून वर जायलाव बघ. झालं का नाही नोक्लिप?"

काल दुपारी साईट अडकली.
चाक फिरतंय फिरतंय, बाकड्यावर माणसं
टोकन धरून समोरच्या भिंतीकडं बघत.
किती वेळची, मी विचारलं नाही.
बोट आपोआप डाव्या कोपऱ्यात गेलं.
वरून काही सरकलं नाही.
नावाच्या रकान्यात, मथुराबाईंच्या आधी,
एक तिरकी रेघ उमटली, चिरडलेल्या डासाएवढी.
"हे काय आलं ओ माझ्या नावात?"
काही नाही, म्हटलं. खोडली.
"जन्मतारीख, मावशी?
बोला."