पिंप

तिसऱ्यांदा हे घर रंगवायला आलो
तेव्हा मावुसीने मला ओळखलं. कंपनीला नाही.

आधी लाल होतं. मग पिवळं.
आता जांभळं, कारण पिवळ्यांना कोणीतरी विकत घेतलंय
कुठल्याशा देशात, जिथे मी कधी जाणार नाही.
डब्यावर रंगाचं नाव नसतं, आकडा असतो.
आकडा चुकला तर डबा माझ्या मजुरीतून जातो.

केटाच्या खाजणाला वळसा घालून रस्ता इथे वळतो
आणि वळणावर हिची भिंत:
अक्राच्या गाडीतून पुरे चार सेकंद दिसते.
ते सेकंद कंपनीने मोजलेत.
मागची भिंत कोणी मोजली नाही. ती मातीचीच,
तिला टेकून मासे वाळतात,
आणि नातीने कोळशाने काढलेली एक कोंबडी.

लालच्याही आधी इथे अग्बेकोच्या हातची अक्षरं होती:
ड्झे.
म्हणजे मीठ.
शेवटचं अक्षर कलंडलेलं, शिडी हलली असणार.
माझे उस्ताद बघून म्हणाले होते,
हात कच्चा आहे, पण लांबून वाचता येतं.
अक्षराने आणखी काय करायचं असतं?

मी ती एका सकाळीत बुजवली.
बदल्यात एक छत्री, दोन टी-शर्ट, वर्षभराचं रिचार्ज.
अग्बेको हसला होता, रंगाचे पैसे वाचले म्हणून.
मग गिऱ्हाईक मिठाच्या गोणीला टेकून उभं राहायचं
आणि रिचार्ज मागायचं.
त्यानेही मग तेच ठेवलं.
कंडक्टर ओरडायचे, लाल घर, लाल घर,
पिवळं झाल्यावरही सहा महिने.
तो गेला तेव्हा शोकपत्रकावर पत्ता छापला: पिवळं घर.

आज पत्रीने खरवडताना पोपडा सुटला.
पिवळ्याखाली लाल,
लालखाली ते कलंडलेलं अक्षर, अर्धं.
मावुसी काही बोलली नाही.
अकप्ले आणि तळलेला मासा पुढे ठेवला. मी खाल्ला.
खाल्ल्या मिठाला जागायचं,
म्हणजे नक्की किती चौरस फूट?

मी परसातलं पिंप घरंगळत आणलं,
त्या जागेपुढे उभं केलं,
आणि भोवतीने रंगवत गेलो.

दुपारी क्वार्तेंग साहेब मोटरसायकलवरून आले.
फोटो काढला. पडद्यावर बोटांनी मोठा केला.
"हे पिंप निळं आहे. निळा दुसऱ्यांचा.
हलव."
"भरलेलं आहे," मी म्हणालो.
"काल रात्रीच भरलं," मावुसी म्हणाली,
माझ्याकडे न बघता.
"मग रंगव."

रंगवलं. दोन हात.
वरची कड राहिली होती, तीही.

साहेबांची धूळ वळणाआड गेल्यावर
मावुसीने ओल्या रंगाची पर्वा न करता
पिंपावर एक टिचकी मारली,
आणि ते बराच वेळ वाजत राहिलं.