दक्षिणेची भिंत

तोल्नाच्या टेकड्यांत एप्रिल लागला की
गिझेला भिंतीसमोर स्टूल टाकून बसते.
ठोकून ठोकून बसवलेल्या पिवळ्या मातीची भिंत,
गिलावा सुटलाय तिथे भोकंच भोकं,
शिसपेन्सिल जाईल एवढी.

भोकांत माश्या राहतात. पोळं नाही, राणी नाही,
जिची तिची खोली.
करड्या लोकरीच्या, गुबगुबीत, सतत घाईत,
मागच्या पायांवर पराग थापून येतात,
मधात कालवून ठेवतात,
वर एक अंडं, तोंडाशी मातीचं झाकण.
पोराची आईशी गाठ पडत नाही.
आई फक्त डबा भरून जाते.

दुसरी येते ती सावकाश.
काळी, अंगावर पांढरे ठिपके,
पराग वाहायला पायांवर केसच नाहीत.
भिंतीपुढे तरंगत राहते
भाड्याची खोली बघायला आल्यासारखी.
घरची बाहेर पडली की आत शिरते,
झाकण फोडते, आपलं अंडं ठेवते,
जाताना भोक लिंपूनही जाते.

तिचं पोर येतं ते विळ्यासारखे जबडे घेऊन.
पहिलं काम उरकलं, कात टाकली,
की विळे नाहीसे होतात.
उरतं एक साधं, पांढरं, भुकेलं पोर.

आमच्या भाषेत म्हण तयार आहे:
आयत्या बिळावर नागोबा.
त्याच नागोबाला आम्ही वर्षातून एकदा दूध दाखवतो.
वारूळ बांधणारीला कोणी विचारत नाही.

गिझेलाच्या हातात पावावरचं फडकं.
ठिपकेवाली दिसली की झटका.
दारामागे खडूच्या रेघा, गेल्या वर्षीच्या एकवीस.
अकोश गवंडी म्हणतो, नेनी, अर्ध्या दिवसात लिंपून देतो,
दोघींचाही प्रश्न मिटेल.
जूनमध्ये ये, ती म्हणते. दर वर्षी म्हणते.

परवा तिन्हीसांजेला पात कापायला वाफ्यात गेली
तर वाळक्या काडीवर ती,
जबड्याने काडी धरून,
पाय पोटाशी, अंग अधांतरी,
झोपलेली.
कात्री उघडीच राहिली.

सत्तेचाळीस साली गिझेला सहा वर्षांची.
डॅन्यूबपलीकडून मालगाडीत घालून आणलेली,
सोबत गादी, शिवणयंत्र, एक बकरी.
कारकुनाने यादीत बोट ठेवलं
आणि ह्या घराचं दार उघडून दिलं.
चुलीत राख होती.
कोठीत, फळीवर, सतरा बरण्या,
तोंडाला कागद, सुतळी,
आणि नीट जर्मन अक्षरांत: जर्दाळू, ४६.

आई बराच वेळ उभी होती.
मग तिने धाकट्याकडे पाहिलं
आणि सुतळी तोडली.

गोडाने तू रडलीस, असं भाऊ सांगायचा.
तिला आठवतात त्या तळाशी सापडलेल्या
दोन सोललेल्या बिया,
कोणीतरी मुद्दाम घातलेल्या,
स्वादासाठी.

पुढे कधीतरी एक म्हातारी आली, गाडी लांब लावून.
घर नको, म्हणाली, भिंत बघते फक्त.
एका भोकात करंगळी घातली,
सवयीची असावी तशी,
आणि काढून घेतली.
गिझेलाने पाणी विचारलं.
तिने नको म्हटलं.

सकाळी काडी मोकळी होती.
दुपारपर्यंत गिझेलाने दोन मारल्या,
दोन रेघा ओढल्या.
तिसरीला आत जाताना पाहिलं
आणि स्टुलावरून उठायला
तिला जरा उशीर झाला.
वय चौऱ्याऐंशी.
गुडघे.