तीनची कळ

एकतीस वर्षं मी त्यांचं समाजशास्त्र टाइप केलं.
लीलच्या विद्यापीठात, दुसऱ्या मजल्यावर.
खिडकीतून गिरणीची चिमणी दिसायची,
नंतर चिमणीची जागा दिसायची.

आमच्या फ्रेंच यंत्रावर आकडे वरच्या घरात राहतात.
शिफ्ट दाबून धरली तर उमटतो तीन.
न धरता तीच कळ मारली
तर उमटतं अवतरणचिन्ह.
हे आधीच सांगून ठेवते,
कारण पुढचं सगळं भांडण त्या एका कळीवर झालं.

प्रोफेसर देल्बार आकड्यांचे.
समाज म्हणजे त्यांना सहा मजली इमारत,
जिना कुठे, मोरी कुठे, कोण कुणाच्या डोक्यावर,
सगळं पायाच्या दगडापासून पाठ.
माझ्या उजव्या करंगळीला घट्टा पडला;
आई गिरणीच्या शिफ्टला, मी माझ्या.

एकाहत्तर साली त्यांची प्रश्नावली आमच्याही दारात आली.
आई सकाळी लोकांची घरं पुसायची,
रात्री मागावर तुटलेले धागे सांधायची,
रविवारी पोलिशमध्ये गायची, तेव्हा तिला कुणी हाक मारायची नाही.
कागदावर खण सात.
पेन्सिल सातांवरून फिरली, परत आली.
"यातली मी कुठली गं?"
सरांनी तिला 'इतर'मध्ये बसवलं.
तो तक्ता मीच टाइप केला. इतर : ३.
आई आणि कुणी दोघी.

मग ब्रतान्यहून योआन किंत्रेक आला,
सायकलची क्लिप पँटला तशीच ठेवून शिकवणारा.
त्याच्या पहिल्याच पानावर "समाज" अवतरणात.
मला वाटलं, कुणाचं तरी वाक्य उचललंय.
"कुणाचं हो हे?"
हसला. "कुणाचंच नाही. म्हणून तर."
पुढे "सत्य" गेलं, "प्रगती" गेली, "वर्ग" गेला,
एकेक शब्द चिमट्यात धरून तो दिव्याखाली न्यायचा.
इमारत नाहीच, म्हणायचा,
जिन्यावर बसून सांगितलेल्या गोष्टी आहेत.
खण सात आखले, म्हणून माणसं सात जातीची झाली.
ते पान टाइप करताना मी दोनदा थांबले.
आईला जाऊन तेव्हा चार वर्षं झाली होती.

देल्बार मला व्हरांड्यात गाठून म्हणाले,
"त्याला म्हणावं, घरभाडं अवतरणात भरून बघ."
मी निरोप दिला.
उलटा निरोपही आणला.
दोघांची कॉफीची वेळ वेगळी झाली, बशा मात्र मीच विसळायची.

सत्त्याऐंशीच्या नोव्हेंबरात गिरणी बंद पडली.
आमची फरशी पुसणारी उआर्दिया
नवऱ्याचं पत्र वाचून घ्यायला आली.
कळवण्यास खेद होतो की.
तारीख, सही, खाली तीनशे चाळीस नावं.
अख्ख्या पत्रात एकही अवतरणचिन्ह नव्हतं.
मी ते योआनपुढे ठेवलं.
बराच वेळ वाचत राहिला.
"हीसुद्धा भाषाच आहे," म्हणाला,
पण इतक्या हळू, की त्यालाच ते पटलं नसावं.
मग खुर्ची ओढून तिच्यासमोर बसला.
देल्बार दारात उभे. हातात या वेळी फॉर्म नव्हता.
"मादाम, तुमच्यात याला काय म्हणतात?"

उआर्दियाने काबिल भाषेतला एक शब्द सांगितला.
घशातून निघालेला, मध्येच अडकणारा.
दोघांनी पेनं काढली,
दोघांची थांबली,
आणि दोघांनी माझ्याकडे पाहिलं.
माझ्याकडे त्या आवाजाची कळ नव्हती.

समेट वगैरे काही झाला नाही.
त्या दुपारवर दोघांनी वेगवेगळे निबंध लिहिले.
एकात तीनशे चाळीस, दुसऱ्यात "तीनशे चाळीस".
यंत्र आता माझ्या स्वयंपाकघरात असतं, झाकण घालून.
त्या कळीवरचं वरचं पुसलंय, खालचंही पुसलंय;
काय उमटणार ते दाबल्यावरच कळतं.

तो शब्द?
दोन्ही मसुद्यांत मी त्याच्यासाठी जागा सोडली होती,
नऊ ठोक्यांची.
छापताना दोघांनीही ती बुजवली.