छप्पर तपासायचं राहिलंय

लायब्ररी सांभाळते म्हटलं की बहिणीला वाटतं
कपाटं, शिक्के, उशिरा परत आलेली पुस्तकं.
एक्केचाळीस फायली आहेत फक्त,
सगळ्या मिळून एका फोटोपेक्षा हलक्या.
दार उघडणे. दार लावणे. मशाल विझवणे.
पहारेकऱ्याने वळून पाहावं की नाही,
पाहिलं तर किती वेळ.
ज्या गेम इंजिनासाठी लिहिल्या
ते आता कुणी फुकटही घेत नाही.
त्याची भाषा अजून येणारे आम्ही नऊजण असू,
किंवा आठ;
कुओपिओचा एकजण वर्षभर गप्प आहे.

तैस्तोने लिहिल्या त्या, इथेच, कायानीत,
नदीकाठच्या भाड्याच्या खोलीत,
रात्रपाळीहून आल्यावर, बूटसुद्धा न काढता.
बुटांचं मला सेल्माने सांगितलं, त्याच्या बायकोने,
हार्ड डिस्क हातात देताना.
लोकरीच्या मोज्यात घालून ठेवली होती.

त्या कम्पायलरला ठिपके खपत नसत.
आमच्या लिपीतले, अक्षरांच्या डोक्यावरचे दोन-दोन ठिपके
दिसले की तो बसकण मारायचा
आणि चूक दाखवायचा भलत्याच फाईलमध्ये.
तैस्तोने ठिपकेच सोडून दिले.
सहा वर्षं बोडकं फिनिश लिहिलं त्याने,
वाचणाऱ्याने समजून घ्यायचं.

मी घेतलं समजून.
तेविसावी फाईल, नाव ‘सा’.
सा म्हणजे मिळतं.
किल्ली मिळते, ढाल मिळते, असलं काही असणार.
हाक मारून पाहिली, काहीच मिळालं नाही.
यादीत नोंद केली:
‘वस्तू देते. बहुधा नादुरुस्त.’
बारा वर्षं तशीच होती ती नोंद, माझ्या सहीने.

मग या फेब्रुवारीत ओक्को आला, सोळा वर्षांचा,
त्याला जुन्याच इंजिनात पहिला नकाशा करायचा होता,
का ते त्यालाही नीट सांगता येईना.
त्याने ‘सा’ला शून्याऐवजी चाळीस दिले,
सहज, बोट लागेल तो आकडा.
आणि तळघराच्या दगडी बोळात
बर्फ पडायला लागला.

सॅ.
ठिपक्यांसकट सॅ. हवामान.

चौकोनी कण, तांदळाच्या कणीएवढे,
तीन मजल्यांची फरशी भेदून येणारे,
मशालीवर पडून तिला न विझवणारे.
ओक्को हसत सुटला. मी फाईलच्या तळाशी गेले.
शेवटची ओळ, यंत्राने वाचायची नसलेली:
‘छप्पर तपासायचं राहिलंय. उद्या.’
तारीख चौदा मार्च.
त्यानंतरची एकही फाईल डिस्कवर नाही.

मेला वगैरे नाही तो तेव्हा.
अजून अकरा वर्षं जगला,
पालिकेचं बर्फ काढायचं यंत्र चालवलं,
की-बोर्डला परत हात लावला नाही.
का, ते सेल्माला विचारायचं
माझ्याच्याने झालं नाही.

‘चार ओळींचं काम आहे,’ ओक्को म्हणाला, ‘टाकू?’
कुणाचं काही मोडणार नव्हतं.
नऊजणांपैकी एकानेही ती फाईल कधी वापरली नव्हती.
तरी मी म्हटलं, उद्या बघू.
म्हटल्यावर माझंच मला ऐकू आलं.
पोरगा शहाणा. त्याने फायलीला हात लावला नाही,
स्वतःच्या नकाशातलं छप्पर काढून टाकलं.
‘पडका किल्ला आहे म्हणायचं,’ म्हणाला, ‘चालतंय.’

यादीत मी दुरुस्ती केली: हवामान.
सवयीने ठिपके दिले,
तर दाराच्या फाईलमध्ये, नवव्या ओळीत, चूक.
दिले तसे काढले.

रात्री सेल्माला फोन केला, तुझ्या नवऱ्याचा बर्फ पडतोय.
किती, तिने विचारलं.
एका वेळी चौसष्ट कण, त्यापुढे इंजिन अडखळतं.
पलीकडे बराच वेळ नळ वाहत होता, भांडी असावीत.
मग म्हणाली, ‘आणि साफ कोण करतं?’

जमिनीला टेकला की फाईल स्वतःच पुसते, मी म्हटलं.
तेवढं मात्र त्याने पुरं केलंय.