ना काना, ना मात्रा

म्युझियमची गाडी मी चालवतो.
दगड उचलायला चार माणसं, वाचायला विदाद,
आणि मी बाजूला, विझलेली सिगारेट बोटांत धरून.

शाफियाच्या वर, बुचाच्या झाडांत,
हद्दाच्या गोठ्याचा उंबरा होता तो.
हद्दा म्हणजे सातवी मुलगी. बापानं नावातच बजावलं होतं,
आता हद्द झाली.
आठवीही मुलगीच झाली. हे तिनंच सांगितलं,
चहा ओतताना.

विदाद गुडघ्यांवर बसली.
तेलाच्या जुन्या डब्यातून दगडावर पाणी सोडलं, बारीक धारेनं,
आणि खुरांखाली गप्प पडलेली अक्षरं
ओली होऊन दिसू लागली :
काड्या, कड्या, एक फुली.
खालून वर वाचायचं, ती म्हणाली,
आणि पोहरा ओढावा तसं
एकेक वर घेऊ लागली.
म्. स्. क्. र्.
मग दोन रेघा, शेजारी शेजारी. म्हणजे ‘चा मुलगा’.
त्यावर बापाचं नाव, पण तिथं दगड फुटलेला.

बरं, पण ह्याचं नाव काय? हद्दानं विचारलं.
माहीत नाही, विदाद म्हणाली.
मस्कर असेल. मिसकेर असेल.
ह्या लिपीला काना नाही, मात्रा नाही,
वेलांटी नाही.
व्यंजनं तेवढी कोरायचे.
मधलं ज्याचं त्याला ठाऊक असायचं.

ज्याचं त्याला नाही, हद्दा म्हणाली. त्याच्या आईला.
आणि उठली. ओढ्याकडे तोंड केलं,
हातांचा द्रोण ओठांशी धरला :
मस्काऽऽर
मिसकेऽऽर
मुसाकोऽऽर
तिसऱ्या हाकेला झुडपातून एक बोकड आला.
आम्ही हसलो. ती नाही.

मग म्हणाली, माझ्या मुलाचं नाव लिहून दे ह्यात.
रबीअ. वसंतातला जन्म, म्हणून रबीअ.
सहा वर्षांपूर्वी सप्टेंबरात
अन्नाबाच्या किनाऱ्यावरून सार्डिनियाकडे बोट निघाली,
एकवीस जण, इंजिनं दोन,
त्यातलं एक बंद.
(ती बोट मला माहीत होती. किनाऱ्यापर्यंत
तिघांना मी सोडलं होतं, ह्याच गाडीनं.
त्यांची नावं मी विचारली नव्हती.)
त्याला दगड नाही. लावणार कुठं?

विदादनं चुलीतला कोळसा घेतला.
भिंतीवर खाली एक वर्तुळ : र.
त्यावर दुसरं, मधोमध ठिपका : ब.
शेवटचा घशातला आवाज इथं मावत नाही, म्हणाली.
हद्दा बघत राहिली.
एक रिकामी थाळी, म्हणाली,
आणि एकीत हरभऱ्याचा एक दाणा.

मग विचारलं, ते दोन रेघांचं...
‘ची आई’ लिहायला काय होतं?
मी तरी कुठं पाहिलं नाही, विदाद म्हणाली,
तिच्याकडे न बघता.
हद्दानं कोळसा घेतला, बोटांवर चोळला,
आणि ठिपक्याच्या वर अंगठा दाबला,
पेन्शनच्या कागदावर दाबते तसा, जरा वाकडा.

उंबरा गाडीत चढला. पावती दिली.
त्याच्या जागी ओला काळा चौकोन उरला, दोन गांडुळं.
शेळ्या तिथवर यायच्या नि थबकायच्या,
नसलेला उंबरा ओलांडेनात.

पहिल्या वळणावर मी काच खाली केली.
वरून हाक येत होती.
व्यंजनं वाऱ्यानं खाल्लेली,
नुसते स्वर पोचत होते खालपर्यंत :
अऽऽ... ईऽऽ...
ह्याला मारलेली की त्याला, कळेना.
थांब जरा, विदाद म्हणाली.
मी थांबलो नाही. उतार होता,
मागे दगड होता,
आणि ब्रेक ह्या गाडीचे
आधीच कच्चे.