भांगाचं पाणी

पौषातली अष्टमी. पास्कू म्हणाला, "आज भांग हाय काका,
पानी निवांत. गढूल कमी."
कमी म्हणजे किती, मी विचारलं नाही.
गळ्यात पुतणीनं दिलेला निळा चश्मा, नाक आत कोंडणारा,
आणि दातांत धरायची वाकडी नळी.
नळ्यांची मला सवय आहे म्हणा,
एकतीस वर्षं महापालिकेच्या पाणीखात्यात
चावीवाला होतो.

एरंगळच्या वाळूवरून होडी ढकलली.
इंजिन बंदच. मतलई सुटली होती,
शीड आधी फडफडलं, चिडल्यासारखं,
मग एकदम गप्प झालं,
म्हणजे भरलं.
मागे कुणीतरी बोंबील वलांडीवर टाकत होतं
आणि त्याच्याही मागे, धुरकट, टॉवर.
कुठल्या टॉवरला किती वाजता पाणी सुटतं
हे अजून पाठ आहे.

निशिगंधा सांगत होती, हा सगळा काळा किनारा
एकेकाळी वाहत होता, काका.
सहा कोटी वर्षांपूर्वी जमीन उसवली,
आतलं खदखदत वर आलं आणि इथे थिजलं.
मी हो हो म्हटलं.
तिला काय सांगू, या दगडाशी माझी ओळख जुनी,
शिवीगाळीची.
मालाडला बारा इंची लाइन टाकताना
आठ दिवसांत चार हात सरकलो होतो.
ब्रेकरची पाती गेली, गंगाराम पाडावेचा अंगठा गेला.
तेव्हा कुणी म्हणालं नव्हतं
की हा वाहायचा.

नांगर टाकला. उतरलो.
पहिल्यांदा काहीच नाही.
चहाचं भांडं विसळल्यावर राहतं तसलं पाणी, हिरवट,
माझेच हात कोपरापर्यंत माझे, पुढे कुणाचे कोण जाणे.
खारट घोट थेट घशात.
पास्कू वरून हसला,
"लांब नको बगू काका. दगराला तोंड लाव."

लावलं.
वीतभर अंतर.
दगडभर घरं, ज्वारीच्या दाण्याएवढी,
प्रत्येकाचं दार उघडतं, एक केसाळ पंजा बाहेर येतो,
पाण्यातलं काहीतरी ओढून आत नेतो,
दार बंद.
पुन्हा.
पिठल्याच्या रंगाचं एक पोवळं, जुन्या रुपयाएवढं.
नखाएवढा खेकडा, माझ्यावर नांगी उगारून,
जणू मीच बिल थकवलंय.

आणि मग ते ऐकू आलं.

रात्री दोननंतर रस्ता झोपला की
आम्ही डांबरावर सळई टेकवायचो,
दुसरं टोक कानाला.
चांगली लाइन गप्प असते, किंवा घुमते.
फुटलेली तडतडते,
लांबच्या घरात कुणी कुरडया तळतंय तशी.
तोच आवाज.
इथे. चोहीकडून. सळईशिवाय.

डोकं वर काढून ओरडलो, "गळती आहे!"
नळी तोंडातच होती. काहीतरी भलतंच निघालं.
दुसऱ्यांदा सांगितलं तेव्हा निशिगंधा म्हणाली,
"कोळंब्या आहेत त्या. बारक्या. चिमटे वाजवतात."
"सगळ्या?"
"सगळ्या. रात्रंदिवस."

पुन्हा आत गेलो.
उजवा हात उगाच बाजूला गेला,
चार फुटी चावी चाचपायला.
डावीकडे जास्त वाजतंय. नाही, खाली.
नाही, त्या कपारीत.
कुठे खूण करू, कुठला रस्ता खणायला सांगू,
पाठीवर ऊन चढत होतं
आणि मी पालथा तरंगत
एवढा मोठा बिघाड
नुसता ऐकत होतो.

परतताना वारा फिरला होता.
पास्कूनं शीड वळवलं, तोंडात शेंगदाणे.
डाव्या कानात पाणी राहिलं होतं.
निशिगंधा म्हणाली, उतरल्यावर एका पायावर उड्या मारा,
निघून जाईल.

मी नाही मारल्या.