पाकीट क्रमांक ४११७

बर्गनला बाहेर पाऊस, आत यंत्रं हवा कोरडी करत बसलेली.
रान्वाइग टेंगेस्डाल चौथ्या कपाटातून
कागदाचं घडीचं पाकीट काढते. आत दगड.
म्हणजे दगड नव्हे, दगडावरचं ते.
पण ते सुटत नाही म्हणून दगडही आला,
पाहुण्याबरोबर पाहुण्याचा मेव्हणा येतो तसा.

दगडफूल म्हणाल, तर मसाल्याच्या डब्यातलं ते वेगळं.
त्याला खालून कातडी असते, काठ वळलेले,
नखाने उचललं तर साल सोडून हातात येतं.
ह्याला पाठच नाही.
खालचे धागे थेट खडकाच्या कणांत शिरलेले;
हे कुठे संपतं, ग्रॅनाइट कुठे लागतो
ते सांगताना भिंगही चाचरतं.

वरून राखट पांढरी, जाड, चामखिळींची साय.
सायीवर ताटल्या,
फिकट नारिंगी, सादळलेल्या बिस्किटाच्या रंगाच्या,
काठ मात्र सायीचाच, फुगलेला.
ताटलीत पिशव्या, पिशवीत आठ बीजाणू,
मोठाले, बिनरंगी,
आत एकही भिंत न घातलेले.

नाव लागतं ते बुरशीचं.
हिरवं शेवाळ आत बसून
सगळ्यांचा स्वयंपाक करतं;
त्याचा चिठ्ठीवर उल्लेख नाही.

आणि चिठ्ठ्या तर एकीवर एक.
सगळ्यांत खाली तपकिरी शाई: लेकॅनोरा. डालाने, १८४६.
गोळा करणारा: शाळामास्तर ओबर्ट एय.
तिच्यावर कुणाची तिरकी लिपी: छे, ओक्रोलेकिया.
मग टंकलेली: कुळ पर्टुसारिएसी.
मग छापील, अजून पांढरी: कुळ ओक्रोलेकिएसी, वेगळं.
प्रजाती तीच, घराणं दुसरं.
पेशींतला धागा वाचून कुणी तरी वाटण्या केल्या.
तिला कळवलं नाही. कळवणार कसं,
ती पाकिटात कधीची वाळून गेलेली.

रान्वाइग टाचणीने थोडं खरवडते,
उघड्या पांढऱ्या गाभ्यावर
काचेच्या नळीतून ब्लीचचा थेंब.
लाल.
गुलाबी नव्हे, लाल.
दोन-तीन श्वास टिकतो, मग विटतो.
वाळून एवढी वर्षं झाली, तरी.

ह्या लालाच्या पोटातल्या जांभळ्यासाठी
डालानेच्या बायका पावसातच निघायच्या,
ओलं असलं की सुटायला बरं.
लोखंडी, चमच्यासारखं हत्यार, कमरेला पोतं,
खाली समुद्र.
घरी पिंपात मूत साठवलेलं, घरच्यांचं, शेजारपाजाऱ्यांचं,
त्यात तीन आठवडे ढवळत राहायचं.
वास असा की पाद्रीबाबा वळसा घालून जात
आणि रविवारी जांभळे मोजे घालून येत.
उरलेलं वजनावर गलबतात.
मग कुठे तरी कोळशाच्या डांबरातून जांभळा निघाला.
हत्यारं होड्यांच्या खोपटात खुंटीला गेली.
खडकावर पुन्हा साय धरायला
माणसाच्या दोन पिढ्या गेल्या असतील. कुणी मोजलं नाही.

पाकीट मिटताना आतल्या घडीवर तिला
एक अंगठा दिसतो. जांभळा.
मास्तरांचा नसावा. खडू धरून
अंगठा इतका रुंद होत नाही.
भिंगाखाली रेषा स्वच्छ आहेत,
मधोमध आडवी चीर,
हत्यार निसटलं असेल त्या दिवसाची.

ती नवी चिठ्ठी घेते. कुळ. प्रजाती. जाती.
ब्लीचला लाल.
गोळा करणारा: ओबर्ट एय
इथे पेन थांबतं.
स्वल्पविराम देते.

वरच्या मजल्यावरून कुणी तरी हाक मारतं, कॉफी झालीय.
ती जाते.
चिठ्ठी तिथेच, ओली,
स्वल्पविरामासकट.